मुंबईची खालची बाजू आपल्या ट्रंकांमध्ये पडून आहे: गलाईच्या घरांतून ती कशी नोंदवावी?

येरळाकाठ (विटा)

मागच्या चैत्रात आमचे थोरले चुलते वारले. सगळी भावकी त्यांना तात्या म्हणत असे. तेराव्यानंतर माळ्यावरची त्यांची पत्र्याची ट्रंक खाली काढली, तेव्हा तीत एक सांडशी, धातू वितळवण्याची काळी पडलेली एक मूस, पितळी वजनांचा डबा आणि लाल कापडी पुठ्ठ्याच्या सहा लांब वह्या निघाल्या. बाहत्तरच्या दुष्काळानंतर, १९७३ साली, तात्या मुंबईला गेले आणि २००४ पर्यंत जव्हेरी बाजाराच्या मागच्या एका गल्लीत त्यांनी गलाईचे, म्हणजे सोने-चांदी गाळून शुद्ध करण्याचे, काम केले. आधी दुसऱ्याच्या दुकानात पोऱ्या म्हणून, नंतर भागीदारीत. वह्या हिशेबाच्याच आहेत. तारीख, डागाचे (दागिन्याचे) वजन, टंच (शुद्धता), निघालेली लगड (सोन्याची कांडी) आणि शेवटच्या रकान्यात घट. १९९० पर्यंतच्या वह्यांत गिऱ्हाइकाच्या नावाचा रकाना कोरा आहे, कारण तोवर सोने बाळगण्यावर आणि त्याच्या व्यवहारावर निर्बंध घालणारा सुवर्ण नियंत्रण कायदा लागू होता आणि कोणाचे सोने कोणी गाळले हे कागदावर ठेवणे कोणालाच परवडत नव्हते. परंतु प्रत्येक वहीच्या शेवटच्या चार-सहा पानांवर तात्यांनी निराळेच काही लिहून ठेवले आहे. ‘शंकर गावी गेला. खोकला.’ ‘तीन दिवस नळाला पाणी नाही. समोरच्या हौदातून आणले.’ ‘धाकट्या पोराचा हात तेजाबाने भाजला. दवाखाना नको म्हणाला.’ अशा एकेका ओळीच्या नोंदी एकतीस वर्षे चालू आहेत.

ज्यांच्या घरात गलाई नाही त्यांच्यासाठी कामाबद्दल थोडे सविस्तर लिहितो. मोडीत आलेला दागिना, सोनाराच्या दुकानातला कीस, चुरा आणि झाडलोट गलाईवाल्याकडे येते. त्यात सोन्याबरोबर चांदी, तांबे आणि डाकाचा, म्हणजे सांधा जोडण्याचा, धातू असतो. शुद्ध सोने वेगळे काढायचे तर आधी त्यात आणखी चांदी मिसळून सोन्याचा वाटा साधारण चौथाईवर आणावा लागतो; सोने फार जास्त राहिले तर तेजाब आतपर्यंत पोचत नाही. हे सगळे मुशीत टाकणखार घालून वितळवतात, पाण्यात ओतून त्याचे रवे पाडतात आणि ते रवे नत्राम्लात, म्हणजे आमच्या तेजाबात, उकळतात. तेजाब चांदी आणि तांबे खाते, सोन्याला हात लावत नाही. तळाशी चहाच्या चोथ्यासारखी तपकिरी भुकटी उरते. ती धुऊन, वाळवून पुन्हा वितळवली की पिवळीधमक होते. वरच्या पाण्यात तांब्याचे पत्रे सोडले की चांदी खाली बसते आणि पाणी निळे-हिरवे होते. ते निळे पाणी कोठे जात असे आणि तेजाब उकळताना निघणारा लालसर-तपकिरी धूर कोठे जात असे, या दोन प्रश्नांची उत्तरे मला शहराच्या कोणत्याही पुस्तकात मिळाली नाहीत. ती तात्यांच्या चौथ्या वहीत मिळाली.

त्या वहीत पेन्सिलीने काढलेला एक नकाशा आहे. नऊ फूट बाय अकरा फूट जागा, एका कोपऱ्यात भट्टी, तिच्याशेजारी तेजाबाचे भांडे, भिंतीला एक मोरी, आणि शिडीने वर गेले की लाकडी फळ्यांचा पोटमाळा. धूर जाण्यासाठी पाटीएवढे एक भोक मागच्या बोळाकडे काढलेले आहे. पाणी मोरीतून गटारात, धूर आधी पोटमाळ्यावर आणि मग भोकातून बोळात. त्या पोटमाळ्यावर सात माणसे झोपत. चौघे आमच्या गावाचे, बाकीचे तिघे आसपासच्या तालुक्यांतले. दिवसा ज्या जागेत सोने उकळायचे, रात्री त्याच जागेच्या डोक्यावर अंथरूण पसरायचे.

आणि ज्या दुकानात धुरासाठी पाटीएवढे भोक पुरेसे मानले गेले, त्याच दुकानात सोन्याचा कणही वाया जाऊ दिला जात नसे. हात एकाच बादलीत धुवायचे आणि ते पाणी साठवून ठेवायचे, केर कोणी बाहेर टाकायचा नाही, फाटलेल्या बनियनी आणि फुटलेल्या मुशी पोत्यात भरून ठेवायच्या आणि वर्षाकाठी सगळे जाळून, कुटून, त्यातले सोने काढायचे. १९८६ साली पोटमाळ्याची जुनी फळी बदलली, तेव्हा ती जाळून तिची राख गाळली. तिच्यातून निघालेल्या सोन्याचे वजन वहीत लिहिले आहे: अकरा ग्रॅम आणि वर काही मिलिग्रॅम. हे वाचून मी वही मिटली आणि बराच वेळ तसाच बसून राहिलो. माणसे ज्या फळीवर झोपत होती तिच्यात अकरा ग्रॅम सोने मुरले होते, तर त्यांच्या अंगात काय मुरले असेल?

मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर, चाळींवर, पदपथांवर पुष्कळ लिहिले गेले आहे आणि छायाचित्रेही पुष्कळ निघाली आहेत. त्या कामाचे मोल मी कमी लेखत नाही. तथापि ते काम रस्त्यावरून दिसणाऱ्या गरिबीपर्यंत पोचते. बंद दाराआडचा पोटमाळा त्यात येत नाही, आणि दुसरी गोष्ट अशी की तिथला माणूस थकला की मुंबईत राहतच नाही. तो ट्रंक घेऊन गावी येतो, खोकतो आणि गावीच मरतो. त्यामुळे शहराच्या दप्तरात त्याचे येणे नाही, राहणे नाही आणि मरणेही नाही. त्या जीवनाचा पुरावा आहे तो खानापूर, आटपाडी, तासगाव, कवठेमहांकाळ, माण आणि खटाव या तालुक्यांतल्या माळ्यांवर, आणि तो दर पावसाळ्यात वाळवीच्या तोंडी जातो आहे. म्हणून माझे म्हणणे असे आहे की मुंबईची ही बाजू मुंबईत जाऊन नोंदवता येणार नाही. ती येथूनच, आपणच नोंदवली पाहिजे.

आपल्याकडे अशा वह्या, पत्रे, पावत्या आहेत का? जी माणसे हयात आहेत त्यांना काय विचारावे? आणि काय विचारू नये, हेही सांगावे.

अग्रणीकाठ (कवठेमहांकाळ)

आपला धागा वाचून एक संध्याकाळ आठवली. १३ जुलै २०११ रोजी जव्हेरी बाजारात, ऑपेरा हाऊसजवळ आणि दादरला स्फोट झाले. त्याआधी १९९३ आणि २००३ सालीही जव्हेरी बाजारात स्फोट झालेले असल्यामुळे आमच्या गावाला टीव्हीवरची पहिली ओळ पुरेशी होती. अर्ध्या तासात निम्मे गाव मारुतीच्या देवळासमोर जमले. मुंबईचे फोन लागत नव्हते. तेव्हा शाळेतल्या एका गुरुजींनी शाळेचा फळा देवळात आणवला आणि ज्या ज्या घरातला माणूस त्या बाजारात होता त्याचे नाव खडूने लिहायला सुरुवात केली. ज्याचा फोन आला त्याच्या नावापुढे बरोबरची खूण. रात्री साडेअकराला शेवटची खूण झाली. फळ्यावर एकूण ४३ नावे होती. आमच्या गावची ४३ माणसे एका बाजारात राबतात, हे तोवर आम्हालाही ठाऊक नव्हते.

दुसऱ्या दिवशी शाळा भरली आणि फळा पुसला गेला. जव्हेरी बाजारातल्या आमच्या माणसांची तेवढी एकच यादी आजवर झाली होती. तुमच्या कामाची सुरुवात अशा यादीपासून व्हावी असे मला वाटते: गाव, घर, कोणत्या वर्षी गेला, वय किती होते, कोणाच्या ओळखीने गेला, परत कधी आला. वय आवर्जून लिहावे. तेरा-चौदा वर्षांची पोरे गेलेली आहेत आणि त्यांच्या घरच्यांना आता ते सांगताना जड जाते.

वैद्यक_मिरज

मी मिरजेत छातीच्या आजारांचा डॉक्टर आहे. फळीतल्या सोन्यावरून आपण जो प्रश्न विचारला आहे, त्याचे जेवढे उत्तर देता येईल तेवढे देतो.

तेजाबात चांदी-तांबे विरघळताना जो तपकिरी धूर निघतो तो नायट्रोजन डायऑक्साइड. हा वायू पाण्यात फारसा विरघळत नाही, म्हणून नाका-घशाला क्लोरीनसारखा तत्काळ झोंबत नाही आणि माणूस त्यापासून पळत नाही. तो सरळ फुप्फुसाच्या तळापर्यंत जातो. मोठ्या मात्रेत गेला तर त्या वेळी थोडा खोकला आणि डोळ्यांची आग एवढेच होते, माणूस जेवून झोपतो आणि काही तासांनी, बहुधा पहाटे, फुप्फुसात पाणी भरून धाप लागते. काही जण त्यातून बरे होतात आणि दोन-तीन आठवड्यांनी पुन्हा आजारी पडतात, कारण बारीक श्वासनलिका व्रण भरताना आक्रसतात. रोज थोडा थोडा धूर घेणाऱ्याला वर्षानुवर्षांचा खोकला आणि दमा राहतो.

दुसरी गोष्ट डाकाची. केडीएम म्हणून जे दागिने विकले जात त्यांच्या डाकात कॅडमिअम असे. कॅडमिअम ७६७ अंश सेल्सिअसला उकळते आणि सोने १०६४ अंशांना वितळते. म्हणजे मुशीतले सोने वितळेपर्यंत कॅडमिअमची वाफ सुटू लागलेली असते आणि ती मुशीवर वाकलेल्या माणसाच्या नाकातोंडात जाते. त्याने त्या रात्री ताप येतो आणि अंग मोडून येते, पण खरे नुकसान मूत्रपिंडांचे होते आणि ते दहा-वीस वर्षांनी उघड होते. कॅडमिअम कर्करोगकारक म्हणून मान्य झालेले आहे. जिथे चांदी शिशाबरोबर तापवून शुद्ध करीत, तिथे शिशाच्या धुराने पोटात कळा, हातांची कमजोरी आणि हिरड्यांवर निळसर रेघ दिसते.

माझ्याकडे अशी माणसे येतात तेव्हा त्यांच्या जुन्या कागदांवर बहुधा एकच शब्द असतो: क्षय. काहींना तो खरोखर झालेला असतो. पण कित्येकांना क्षयाची औषधे दोन-दोनदा देऊनही उतार पडत नाही, कारण काय काम करीत होता हे त्यांना कोणी विचारलेलेच नसते, आणि विचारले तर ते ‘मुंबईला दुकानात होतो’ एवढेच सांगतात. म्हणून हयात माणसांना विचारताना कामाचे टप्पे विचारावेत. मुशीवर किती वर्षे, तेजाबावर किती वर्षे, धूर ओढणारा पंखा होता का, असल्यास कोणत्या वर्षी बसवला, झोपण्याची जागा भट्टीपासून किती अंतरावर होती. तात्यांच्या नकाशासारखा नकाशा प्रत्येकाकडून काढून घेतला, तर माझ्यासारख्याला तो क्ष-किरण चित्राइतकाच उपयोगी पडेल.

गलाई_बांधव_खानापूर

मी अजूनही या धंद्यात आहे, म्हणून कोणते शहर ते लिहीत नाही. येरळाकाठ यांच्या हेतूविषयी मला शंका नाही. परंतु अशा नोंदींचा उपयोग आमच्याविरुद्धच होईल, ही माझी भीती आपण सर्वांनी समजून घ्यावी. दोन-तीन वर्षांपूर्वी मुंबईची हवा बिघडल्याची ओरड झाली तेव्हा काळबादेवी-भुलेश्वर भागातली गलाईची धुराडी तोडण्यात आली. ज्या पेढ्यांसाठी हे सोने गाळले जाते त्यांच्या काचेला कोणी बोट लावले नाही. धूर आम्ही हौसेने करीत नाही. दागिना मोडणारा वेगळा, विकणारा वेगळा, नफा घेणारा वेगळा, आणि या सगळ्यांच्या मधला जो घाणेरडा भाग आहे तो आमच्या वाट्याला आलेला आहे.

दुसरे दुःख याहून मोठे आहे. कोठेतरी चोरी होते, चोर सापडतो आणि सोने अमक्या गलाईवाल्याकडे गाळले असे सांगतो. मग दंडसंहितेच्या ४११ कलमाखाली (जुलै २०२४ पासून न्याय संहितेच्या ३१७ कलमाखाली), म्हणजे चोरीचा माल घेतल्याबद्दल, आमच्या माणसाला उचलतात. आणलेला डाग चोरीचा आहे की मोडीचा, हे त्याच्या कपाळावर लिहिलेले नसते. माझ्या सख्ख्या भावाला परराज्यातल्या पोलिसांनी रात्री दुकानातून नेले. दुकानात नव्हते तेवढे सोने आम्ही व्याजाने पैसे काढून विकत घेतले आणि ‘जप्त’ करून दिले, तेव्हा तो सुटला. गावात आम्ही सांगितले की तो आजारी आहे. आजही माझ्या आईला खरे ठाऊक नाही. आता तुमच्या संग्रहात दुकान, गल्ली आणि माणूस यांची नावे आली, तर पुढच्या वेळी पोलिसांना शोधत फिरावे लागणार नाही.

येरळाकाठ (विटा)

आपण हे लिहिलेत याबद्दल मी आपला ऋणी आहे. आपला आक्षेप मला पूर्ण मान्य आहे आणि त्याप्रमाणे मी माझा विचार बदलतो. जे दुकान आज चालू आहे त्याची गल्ली, मालक आणि शहर लिहायचे नाही. हयात माणसाचे नाव त्याने स्वतः सांगितल्याशिवाय लिहायचे नाही, आणि त्याने सांगितले तरी घरच्यांना विचारायचे. जुन्या वह्यांत गिऱ्हाइकांची नावे आढळली तर ती झाकायची.

परंतु एका मुद्द्यावर मी आपल्याशी सहमत नाही. धुराडी तोडणाऱ्याला आपली दुकाने आधीच ठाऊक आहेत. ठाऊक नाही ते त्या धुराखाली कोण झोपते. पोलिसांनाही आपण ठाऊक आहोत. ठाऊक नाही, किंवा कोणी कधी विचारले नाही, ते हे की किती घरांनी न घेतलेले सोने विकत घेऊन परत केले. आपल्या न बोलण्याने आपण वाचलो आहोत असे मला दिसत नाही. आपण गप्प राहिलो आणि धुराडीही गेली, सोनेही गेले. आपल्या बंधूंची हकीकत, त्यांची इच्छा असेल तर आणि नावगाव वगळून, मला लिहून घ्यायची आहे. ते नको म्हणाले तर मी हा विषय पुन्हा काढणार नाही.

कोयनाकाठ (पाटण)

आमच्याकडे गलाई नाही, माथाडी आहे, आणि दोहोंतला एक फरक या चर्चेला उपयोगी पडेल. पाटण, जावळी, कऱ्हाड या भागांतली माणसे मसजिद बंदर, दाणाबंदर, भातबाजार येथे पाठीवर पोती वाहत. माझे आजोबा शंभर किलोचे पोते पाठीवर घेऊन फळीवरून मालमोटारीत चढत. मुकादम टोळीच्या मजुरीतून आपला वाटा आधी काढून घेई आणि हजेरी त्याच्या तोंडावर असे. मंद्रुळकोळ्याचे अण्णासाहेब पाटील यांनी या माणसांची संघटना बांधली आणि १९६९ साली माथाडी कायदा झाला. मंडळे झाली, टोळीची नोंद झाली, प्रत्येकाला क्रमांक मिळाला, मजुरी मंडळात जमा होऊन तेथून वाटली जाऊ लागली, भविष्य निर्वाह निधी सुरू झाला. म्हणजे आजोबा १९६९ पूर्वी मुंबईत नव्हतेच आणि त्यानंतर होते, असा कागदाचा न्याय आहे. गलाईच्या माणसाला अजून १९६९ उजाडलेलेच नाही. कायदा पगार वाढवतो एवढेच आपण बोलतो. तो माणसाला कागदावर आणतो, हे मला तुमच्या धाग्यामुळे प्रथमच नीट उमगले.

राहण्याच्या जागेविषयी थोडे. गिरणगावात आमच्या गावची एक खोली होती, दहा बाय बाराची, आणि तीत गावातली तीसएक माणसे राहत. हे अशक्य वाटेल, पण गिरणीच्या तीन पाळ्या असल्यामुळे एक पाळी कामावर, एक झोपेत आणि एक बाहेर ओट्यावर, असा मेळ बसे. प्रत्येकाची एक ट्रंक, एक वळकटी आणि भिंतीवर एक खुंटी. खुंटी हीच त्या शहरातली त्याची मालमत्ता; माणूस गावी आला तरी खुंटीचे भाडे भरत असे आणि मुलगा मोठा झाला की खुंटी त्याच्या नावावर होई. १८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला आणि त्या खोलीतला मेळ मोडला, कारण आता तिन्ही पाळ्या एकाच वेळी खोलीत होत्या. आजोबा सांगत की त्या उन्हाळ्यात माणसे झोपण्यासाठी रात्रभर आळीपाळीने रस्त्यावर फिरत. काही जण तेव्हाच गावी परतले, काही गलाईत आणि माथाडीत शिरले. तात्यांच्या वहीत १९८२-८३ साली नव्या माणसांच्या नोंदी वाढलेल्या दिसतात का, ते कृपया पाहावे.

माहेर_आटपाडी

एवढ्या चर्चेत घरी राहिलेल्या बायकांचा उल्लेख फक्त ‘घरच्यांना विचारायचे’ एवढाच आला, म्हणून लिहीत आहे.

माझ्या आईचे लग्न १९७९ साली झाले. वडील गलाईत होते. लग्नानंतरच्या बावीस वर्षांत ते घरी एकूण किती राहिले याचा हिशेब आईने केलेला आहे, कारण ते येत ते ठरलेलेच असे: गावच्या जत्रेला आठ दिवस, दिवाळीला पाच-सहा दिवस आणि भावकीतले लग्न असेल तर दोन. तो हिशेब एक वर्षही भरत नाही. तेवढ्या काळात आम्ही चार भावंडे झालो. शेती, सासू-सासरे, दुष्काळात चारा-पाणी आणि रोजगार हमीवर खडी फोडणे हे सगळे आईने एकटीने केले. मुंबईचा तो पोटमाळा सात माणसांनी चालवला असे आपण म्हणता; माझ्या मते तो चौदा माणसांनी चालवला, त्यांतल्या सात जणींनी तो कधी पाहिला नाही.

आईकडे मनीऑर्डरची कुपने आहेत. पोस्टमन पैसे देताना फॉर्मच्या खालचा तुकडा फाडून देत असे आणि त्यावर पाठवणाऱ्याला दोन ओळी लिहायला जागा असे. आईला वाचता येत नव्हते. पोस्टमन वाचून दाखवी आणि ती ऐकून कुपन डाळीच्या डब्यात ठेवी. वडिलांच्या कुपनांवर कधीही खोकला, भाजणे, धूर यांतले काही नाही. ‘मी खुशाल आहे. बैल विकू नये.’ ‘मी खुशाल आहे. मोठीची शाळा बंद करू नये.’ दर महिन्याला खुशाल. शेवटच्या वर्षी ते घरी आले तेव्हा अंगणातून पाण्याची घागर उचलून आत आणता येत नव्हती, आणि त्याच्या आदल्या महिन्याच्या कुपनावरही तोच शब्द आहे. म्हणून सांगते की तुमच्या वह्यांतली ‘शंकर गावी गेला. खोकला.’ ही ओळ आणि शंकरच्या घरी आलेले कुपन शेजारी शेजारी ठेवल्याशिवाय हे काम पुरे होणार नाही. एका कागदावर जे घडले ते आहे आणि दुसऱ्यावर जे सांगितले ते आहे.

बायकांना विचारायला बाईच पाठवावी. मी येईन.

दप्तर_सांगली

जुनी कागदपत्रे हाताळण्याचा थोडा अनुभव आहे, म्हणून थोडक्यात लिहितो. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावू नये आणि कागद प्लास्टिकमध्ये पक्का बंद करून घेऊ नये. दोन्हींमुळे कागद कायमचा खराब होतो. वही पूर्ण उघडत नसेल तर दाबू नये. छायाचित्रे दिवसाच्या उजेडात, फ्लॅशशिवाय, कोरी पाने न वगळता घ्यावीत. तात्यांचा कोरा रकाना हीच किती मोठी माहिती आहे ते आपण पाहिलेच. मूळ वही घरच्यांकडेच राहू द्यावी. मुलाखत ज्या बोलीत सांगितली त्याच बोलीत उतरवावी, प्रमाण भाषेत सुधारू नये.

येरळाकाठ (विटा)

सर्वांच्या सूचना उतरवून घेतल्या आहेत. आटपाडीच्या ताईंचे म्हणणे वाचल्यावर माझी मांडणी अर्धी होती हे लक्षात आले. त्यांच्याबरोबर पहिली फेरी श्रावणात करायचे ठरले आहे.

कोयनाकाठ यांनी विचारलेले पाहिले. १९८२ च्या एप्रिलपासून पुढच्या दिवाळीपर्यंत तात्यांच्या वहीत अकरा नवी नावे आहेत आणि त्यांतल्या सहा जणांपुढे कंसात ‘गिरणी’ असे लिहिलेले आहे. डॉक्टरांसाठी: धूर ओढणारा पंखा १९९१ साली बसवला. त्यानंतरच्या पानांवर खोकल्याच्या नोंदी कमी झालेल्या नाहीत, कारण लगेच पुढच्याच पानावर ‘बोळातले लोक भांडतात. पंखा रात्री बंद.’ असे लिहिलेले आहे, आणि तेजाबाचे काम बहुतेक रात्रीच चाले.

मागच्या रविवारी लेंगऱ्याला एका आजोबांकडे जाऊन आलो. नकाशातल्या सात जणांपैकी हयात असलेले ते दोघांतले एक. वय ७४, बोलताना मध्येच थांबावे लागते. त्यांना नकाशाची प्रत दाखवली, तेव्हा त्यांनी चष्मा लावून ती बराच वेळ पाहिली आणि पहिली गोष्ट सांगितली ती ही की तात्यांनी शिडी चुकीच्या भिंतीला काढली आहे. ती मोरीच्या बाजूला होती आणि रात्री उतरताना पाय ओल्या फरशीवर पडत असे. मग त्यांनी फळीवर एकेका जागी बोट ठेवून कोण कोठे झोपत असे ते सांगितले. भोकाजवळची जागा चांगली, ती तात्यांची. भट्टीच्या वरची जागा थंडीत सगळ्यांना हवी असे आणि उन्हाळ्यात नव्या पोराला मिळे. पाच नावे मी लिहून घेतली. उरलेली दोन पोरे होती, १९७८-७९ च्या सुमारास आलेली, आणि त्यांची नावे आजोबांना आठवत नाहीत. एकाचे गाव बलवडी आणि दुसऱ्याचे म्हसवडजवळचे एवढेच आठवते. बलवडीच्या पोराच्या उजव्या हातावर मनगटापासून कोपरापर्यंत तेजाबाचा डाग होता. दुसऱ्याला बासरी वाजवता येत असे. कोणाच्या घरात असा माणूस होता किंवा आहे असे वाटले, तर कृपया येथे लिहावे.